कानातला पंजाब

पंजाब,

एका वर्तमानपत्राच्या पुरवणीला तुझ्यावर अर्धं पान हवं होतं. जन्म कधीचा, शिक्षण किती, 'काहून' बँड कधी निघाला, पुरस्कार कोणकोणते. मी नाही म्हणून सांगितलं. तुझी खरी जन्मतारीख मायलाही ठाऊक नाही. गावातल्या निम्म्या पोरांसारखी तुझीही एक जून, गुरुजींनी शाळेत लावलेली. आणि पुरस्कारांचं म्हणशील, तर त्यातली सगळ्यात जाडजूड पाटी मायच्या माठावर झाकण म्हणून बसली आहे. ती नीट बसते म्हणून तूच खूश होतास.

म्हणून हे तुलाच लिहितोय. दीड महिना झाला तुला जाऊन. या दीड महिन्यात तू मला एक दिवस सोडलेलं नाहीस. हे मी प्रेमानं म्हणतोय असं समजू नकोस. मला भीती वाटली आहे, म्हणून सांगतोय.

तुझी तेरवी झाली, त्याच्या पाचव्या दिवशी वाशिमला आपला कार्यक्रम होता. तारीख तू हयात असतानाच दिलेली. मी म्हटलं, रद्द करू. इरफान अठरा वर्षं तुझ्या डाव्या हाताला गिटार घेऊन उभा राहिला. तो म्हणाला, "रद्द करून घरी काय करशीन शेठ? भांडे इकशीन?" मी कारंजात भांडीच विकतो. त्यानं गायचं, मी वाजवायचं, असं ठरलं. संध्याकाळी मी ड्रमवर बसलो, कानात हेडफोन घातले, बटण दाबलं, आणि तू म्हणालास, "शेठ, जेवला का?"

तुला हे सांगायची गरज नाही, पण इतर कोणी वाचत असेल तर त्याच्यासाठी सांगतो. ड्रम वाजवणाऱ्याच्या कानात कार्यक्रमभर एक टकटक चालू असते, सगळ्या बँडनं त्या मापात राहावं म्हणून. तिच्यावर अधूनमधून एक आवाज पुढचं सांगत जातो. आता कडवं, आता थांब, चार मोजून धर. तो फक्त मला ऐकू येतो, समोरच्या मैदानाला नाही. दुसऱ्या बँडांत हे काम यंत्राचा आवाज करतो. तू म्हणालास, "मशीन माह्या शेठले सांगनार? मी सांगतो ना." आणि पहिल्या गाण्यापासून शेवटच्या गाण्यापर्यंत सगळं स्वतः बोलून भरून ठेवलंस. त्यात शिव्या आहेत, टोमणे आहेत, एके ठिकाणी तू जांभई दिली आहेस. आणि सुरुवातीला तो प्रश्न. मी जैनाच्या घरचा, सूर्य बुडायच्या आत जेवणारा. अठरा वर्षांत एकदाही तू माझं जेवण बुडू दिलं नाहीस. साउंडवाले कितीही बोंबलोत, तू माइकवरून सांगायचास, "थांबा बे, दिवस बुडून राह्यला, शेठले जेवू द्या." पंक बँडचा गायक असं करतो हे मी कोणाला सांगितलं तर खोटं वाटेल.

त्या संध्याकाळी मी जेवलो नव्हतो. तू विचारलंस तेव्हा मी मान हलवून खोटंच 'हो' म्हटलं. समोर वाशिमचं मैदान भरलेलं, आणि मी एका मेलेल्या माणसाशी खोटं बोललो.

पुढचं ऐक. शेवटचं गाणं अर्थातच 'उतर खाली'. त्यात तिसऱ्यांदा 'उतर' म्हणायच्या आधी तू जो श्वास घ्यायचास, तो आता सगळ्यांना पाठ आहे. हजारो लोक त्या जागी तुझ्यासोबत छाती भरून श्वास घेतात आणि मग ओरडतात. इरफान गात होता. त्यानं तो श्वास घेतला नाही. तो तुझा आहे, मी चोरणार नाही, असं तो आधीच म्हणाला होता. ती जागा आली. त्यानं तोंड मिटलं. आणि त्या सगळ्या मैदानानं एकदम श्वास आत ओढला. मी तो आवाज पहिल्यांदा नुसता ऐकला, वर गाणं नसताना. कणगीत धान्य ओततात तेव्हा होतो तसा. त्याच क्षणाला माझ्या कानात तूही श्वास घेतलास. माझ्या हातातली काडी निसटली. इरफाननं वळून पाहिलं. तू कानात म्हणालास, "धर, धर, सोडू नको," आणि मी दुसरी काडी उचलून ठेका धरला.

ते शब्द तू कधीतरी पूर्वीच भरलेले होते, हे मला कळतं. कळून उपयोग होत नाही.

तुला आठवतं, तो श्वास मुळात आला कुठून? आमच्या दुकानामागच्या गोदामात आपण पहिलं रेकॉर्डिंग केलं. चारी बाजूंना पातेली, गुंड, घमेली रचलेली. तू वरच्या पट्टीत सूर लावलास की काही पातेली आपोआप गुणगुणायची. एकदा वडील आत डोकावून म्हणाले, "अरे, गिऱ्हाईक पळून राह्यले, हळू." तू माइकला इतका चिकटून उभा होतास की तुझा श्वास गाण्यात आला. नंतर ज्या कंपनीनं ते गाणं घेतलं तिला तो कापायचा होता. तू म्हणालास, "मानूस श्वास घेते. तुमाले काहून लपवाचा हाय?" तो राहिला, आणि त्यानंच आपलं नशीब काढलं. लोक म्हणायचे, याचा श्वाससुद्धा चिडलेला आहे.

गाणं तू ज्या गोष्टीवर केलंस ती मात्र तू कोणाला सांगितली नाहीस. पुण्यात मुलाखत घेणारी बाई दर वेळी विचारायची, "हे व्यवस्थेला उद्देशून आहे का?" तू म्हणायचास, "हो." ती विचारायची, "तुम्ही मूळचे पंजाबचे का?" तू त्यालाही "हो" म्हणायचास. खरं मला आणि मायलाच माहीत. दिवाळी झाली की ऊसतोडीला न्यायला मुकादमाचा ट्रक तुमच्या वस्तीवर यायचा. माय गाठोडं घेऊन वर चढायची, तू मावशीकडे राहायचास. सहा वर्षांचा तू त्या ट्रकमागं धावत ओरडायचास, उतर खाली, उतर खाली, उतर खाली. तिसऱ्यांदा ओरडायच्या आधी दम लागायचा.

बाजारानं त्याचं काय केलं ते आपण दोघांनी मिळून पाहिलं. आपल्यासोबत निघालेले बँड कधीच संपले. कोणी विमा विकतो, कोणी शाळेत गणित शिकवतो. आपण विकलेच जात राहिलो. वरातीच्या डीजेवर 'उतर खाली', नवरदेव घोड्यावरून उतरताना. निवडणुकीत दोन्ही पक्षांच्या भोंग्यांवर 'उतर खाली'. स्कूटरच्या जाहिरातीत, कोचिंग क्लासच्या रिक्षावर, पहिलीतल्या मुलींच्या स्नेहसंमेलनात. 'काहून?' लिहिलेले टीशर्ट इतके छापले गेले की आपल्या वाशिमकडच्या मालेगावच्या बाजारात एका फेरीवाल्यानं तुलाच एक गळ्यात मारला, "ओरिजनल हाय भाऊ" म्हणून. तू घासाघीस केलीस आणि घेतलास. इरफान खाली बसून हसला होता.

आपलं भांडण मात्र तिथंच होतं, आणि ते अर्धंच राहिलं. तू म्हणायचास, "जे इतकं इकते ना शेठ, ते मेलेलं असते." मी दुकानदाराच्या पोटचा. मी म्हणायचो, "जे इकतच नाई ते जन्मलंच नाई." त्या कंपनीच्या करारावर सही कर म्हणून तुझ्या मागं मीच लागलो होतो. मालेगावच्या एका टायरवाल्याच्या दुकानासमोर, मोटरसायकलच्या सीटवर कागद ठेवून तू सही केलीस. वाचलं नाहीस. मी वाचलं. त्यात 'गायकाचा आवाज, सर्व स्वरूपांत' असं एक वाक्य होतं. मला ते छान वाटलं. मला वाटलं, कॅसेट, सीडी, मोबाइल, सगळ्यांत. अठरा वर्षं आपली चूल त्या कराराच्या जोरावर पेटली, हे तूही नाकारणार नाहीस. पण ते वाक्य वाचलं मी होतं, सही तुझी होती.

आणि आता दिवाळीचं. हे लिहायला मी चार दिवस टाळाटाळ केली. गेल्या दिवाळीत तू कानातलं सगळं पुन्हा नव्यानं भरून आणलंस. म्हणालास, "सारे गाणे जरासे हळू केले." मी भडकलो. पंक कोणी हळू करतं का? म्हटलं, "म्हातारा झाला काय बे?" तू हसलास. "लोकाइले काय फरक पडते? चालून राह्यलं ना." मला वाटलं, तू कंटाळलास. मला वाटलं, हीही तुझी एक चिडवायची रीत. त्या नव्या आवाजात तू मोजताना मध्ये थांबायचास. एक, मग श्वास, मग दोन. मी इरफानला कौतुकानं सांगितलं, "आता बोलतानाही श्वास टाकतो. लोकांना आवडतो तर आपल्यालाही ऐकवतो." तेव्हापासून तू जाईपर्यंत प्रत्येक कार्यक्रमात तू माझ्या कानात धापा टाकत होतास आणि मी त्यावर ठेका धरत होतो.

डॉक्टर नंतर म्हणाले, हृदयाची झडप लहानपणापासूनच कमजोर असणार. तपासलं असतं तर कळलं असतं.

एवढ्यावर थांबलं असतं तर हे पत्र साधं असतं. माणसं मित्र गेल्यावर लिहितात तसं. पण तू थांबला नाहीस.

वाशिमच्या कार्यक्रमानंतर आठवड्यानं मी दुकानात होतो. दुपारचे दोन. गल्लीत ऊन, चिटपाखरू नाही. एक बाई घमेलं पाहत होती. तिचा फोन वाजला आणि तू गायला लागलास. ते गाणं मी कधी ऐकलं नव्हतं. शब्द तुझे नव्हते, रस्ता आणि वारा आणि थांबू नको वगैरे. पण आवाज तुझा. 'र' वर तुझा तो खरखरीत घसा. बाई फोन उचलायला पर्समध्ये शोधत राहिली आणि माझ्यामागं फळीवरची तीन पातेली गुणगुणायला लागली. तीच पातेली नव्हेत, ती कधीच विकली गेली. पण तशीच, त्याच पट्टीला. पातेल्यांना फरक कळला नाही पंजाब. मी हात लावून त्यांना गप्प केलं.

बाईला विचारलं, "हे कोणतं गाणं?"

"नवीन आलं ना काहूनचं," ती म्हणाली. "पोट्ट्यानं लावून देल्लं. काहून, चांगलं नाई का?"

मी 'काहून'मध्ये आहे हे तिला माहीत नव्हतं. मी घमेलं बांधून दिलं.

दोन दिवसांनी कंपनीचा माणूस दुकानात आला. नवा होता, सभ्य होता, जोडे बाहेर काढून आत आला. मशीननं तुझी जुनी गाणी ऐकून तुझा आवाज शिकून घेतलाय, असं त्यानं मला समजावलं. करारात आवाज सर्व स्वरूपांत आहेच. गाणं चाललंही आहे, जोरात. फक्त एक अडचण. "श्वास येत नाहीये," तो म्हणाला. "गाण्यांत त्यांचा श्वास जवळजवळ एकाच जागी आहे. मशीनला तेवढा पुरत नाही. लोकांना काय खटकतंय ते सांगता येत नाही, पण खटकतं." मग त्यानं विचारलं, तुमच्या कानातल्या फाइली द्याल का? तासाभराचं नुसतं बोलणं आहे म्हणे, मोजणं, थांबणं. श्वासच श्वास. ते मिळालं तर पंजाबभाऊ अजून वीस वर्षं गातील. "आवाज मरत नसतो साहेब," तो म्हणाला. हे तो चहा पिता पिता म्हणाला, वाईट हेतूनं नाही. मी म्हटलं, मायला विचारून सांगतो.

खरं तर विचारायला जायचं कारण नव्हतं. मला नाहीच म्हणायचं होतं. पण एकट्यानं नाही म्हणायची हिंमत होत नव्हती. मागच्या वेळी मीच हो म्हणायला लावलं होतं.

मी सकाळीच तुमच्या वस्तीवर गेलो. माय ओसरीवर भुईमुगाच्या शेंगा सोलत बसली होती. गाणं तिनं ऐकलं होतं, शेजारच्यांनी ऐकवलेलं. मी विचारलं, "मंग? कसं वाटलं?"

"तो पंजाब नाई," ती म्हणाली. हात थांबले नाहीत. "आवाज त्याचाच हाय. पन तो दमतच नाई. माहा पंजाब असा न दमता कवा गायला?"

मला इतकं बरं वाटलं की विचारू नकोस. मी तिला कंपनीच्या माणसाचं सगळं सांगितलं, फाइलींचं, श्वासाचं. आता ती त्याला दोन शिव्या देईल म्हणून वाट पाहत राहिलो. मायचे हात थांबले.

"म्हंजे तुह्याजोळ त्याचा श्वास हाय?"

"हाय."

"अन् तो देल्ला तं तो श्वास घेईन?"

"मशीन घेईन माय. तो नाई."

"मंग दे ना बापा," ती म्हणाली. "काहून अडून बसला? घेऊ दे त्याले श्वास."

तिला सगळं समजलं होतं आणि तरी ती मागत होती. मी तिच्या जागी असतो तर मीही मागितलं असतं. मी पिशवीतून हेडफोन काढले आणि म्हटलं, "देण्याच्या आधी तू एकडाव आयक."

तिनं डोक्यावरचा पदर सारून हेडफोन घातले. मी बटण दाबलं. ती दचकली, मग माझ्याकडे बघून म्हणाली, "तुले इचारून राह्यला, जेवला का."

"जेवलो म्हन त्याले."

"जेवला रे तो," ती हवेत म्हणाली, मोठ्यानं. कानात हेडफोन असले की माणूस मोठ्यानं बोलतो. शेजारची बाई कुडाच्या पलीकडून डोकावली आणि आत गेली.

मग तिनं सगळा कार्यक्रम ऐकला. तुला कल्पना आहे, त्यात बहुतेक नुसती टकटक. दोन दोन मिनिटं तू काहीच बोलत नाहीस. ती तशीच बसून राहायची, तुझ्या पुढच्या शब्दाची वाट बघत. तू काही विनोद केलास की हसायची. तू शिवी दिलीस की मला म्हणायची, "आयक, कसा बोलते." मला काही ऐकू येत नव्हतं. भर सकाळी, उन्हात, मी तिच्या चेहऱ्यावरून तुला ऐकत होतो. अर्ध्या तासानं माझ्या लक्षात आलं की तिची छाती तुझ्याबरोबर वरखाली होते आहे. तू मोजत असशील. एक, श्वास, दोन, श्वास. तिचे ओठ कोरडे पडले. तिनं एक हात स्वतःच्या छातीवर ठेवला.

"सन्मती," ती म्हणाली. माझं नाव तिनं किती वर्षांनी घेतलं, नाहीतर तुझ्यासारखी तीही शेठच म्हणते. "याले धाप लागली हाय."

मी मान हलवली.

"हे कवाचं हाय?"

"दिवाळीचं."

"तुह्या कानात व्हतं नं हे? रोज?"

"व्हय."

"तुले आयकू नाई आली?"

पंजाब, तुझं माझं कितीही भांडण झालं तरी तू मला असा प्रश्न कधी विचारला नाहीस. मी म्हटलं, "मी ठेका आयकत व्हतो माय." याहून खरं उत्तर माझ्याकडे नाही, आणि याहून वाईटही नाही. तुझी माफी मागायची तर कोणत्या तोंडानं मागू? तू माझ्या जेवणाकडं अठरा वर्षं लक्ष ठेवलंस. मी तुझ्या श्वासाकडं एक दिवाळी ते पोळा एवढंही ठेवलं नाही.

माय रागावली नाही. रागावली असती तर सोपं गेलं असतं. तिनं हेडफोन काढून मांडीवर ठेवले, त्यांच्यावरून पदर घातला, आणि म्हणाली, "नको देऊ. ट्रकमागं पयाला तवाबी असाच दमला व्हता. मी काई उतरली नाई. आता बसू दे त्याले."

मी त्याच दुपारी कंपनीच्या माणसाला फोन करून नाही म्हणून सांगितलं. वाटलं होतं, तो भांडेल, करार दाखवेल. तो म्हणाला, "हरकत नाही साहेब. समजू शकतो." इतकं शांतपणे म्हणाला की फोन ठेवल्यावर मी फाइल कपाटात टाकून कुलूप लावलं. त्यानंतर इरफान आणि मी उरलेल्या तारखा रद्द केल्या. आयोजक नाराज झाले. एकानं विचारलं, मशीनवाल्या आवाजावर तुम्ही दोघं नुसते वाजवायला याल का?

परवा माय कारंजाला आली. तुझ्या नावानं तिला वस्तीतल्या बायांना एकेक तांब्या वाटायचा होता. आपल्याकडे गेलेल्या माणसाचं नाव भांड्यावर घालून देतात, ते काम मी हजार वेळा केलं आहे. मशीनची सुई भांड्यावर टेकवायची, टिंबाटिंबानं अक्षर उमटत जातं. पिढ्यान्‌पिढ्यांची माणसं मी अशी भांड्यांवर उतरवली, कधी अक्षर चुकलं नाही. तुझ्या वेळी मी आधी 'कै.' घालायचं विसरलो. माय शेजारीच होती. तिला वाचता येत नाही, पण तिनं बोट फिरवून पाहिलं आणि विचारलं, "एवढंसंच?" मी म्हटलं, "नुसतं पंजाब." ती म्हणाली, "मंग बरोबर हाय." मग सगळ्यांवर तसंच घातलं.

मी तिला एसटी स्टँडवर सोडायला गेलो. दुपारची वेळ, मालेगावची गाडी लागायची होती. आम्ही बाकावर बसलो, तांब्यांची पिशवी तिच्या पायाशी. समोर मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे, त्याच्या दारात स्पीकर. त्यावर तू सुरू झालास. तेच नवं गाणं, रस्ता आणि वारा. मायनं कपाळाला आठी घातली आणि माझ्याकडे बघून नकारार्थी मान हलवली. तो पंजाब नाही, हे आम्हाला दोघांनाही आता पाठ झालं होतं. आजूबाजूला लोक पाय हलवत होते.

पहिलं कडवं संपलं आणि तू श्वास घेतलास.

गोदामातला तो चिडलेला श्वास नव्हे. दिवाळीचा. आत ओढताना मध्येच अडकणारा, सोडताना घाई करणारा. मी तो लाखांत ओळखीन, माझ्या कानात तो दहा महिने होता. माझी फाइल माझ्या कपाटात कुलपात आहे. कंपनीला तिची गरजच पडली नसेल. शेवटच्या कार्यक्रमांत तू दोन गाण्यांच्या मध्ये माइकशी उभा राहून दम घ्यायचास, आणि समोर हजार लोक फोन वर धरून उभे असायचे. लोकांनी ते सगळं टिपलं, प्रेमानंच, आणि जगभर पाठवलं. मशीननं श्वास तिथूनच उचलला असणार.

मी मायकडे बघायचं टाळत होतो. मग पायाशी तांब्यांचा आवाज झाला. ती उठली होती, पिशवी तिच्या पायात आली होती. ती दुकानाकडे तोंड करून उभी होती. तिचा चेहरा मी ओसरीवर पाहिला होता तसाच झाला होता, छातीवर हात, ओठ कोरडे. सगळ्या स्टँडला ऐकू जाईल अशी तिनं तुला हाक मारली.

"पंजाब! अरे बस ना बापा. जरासा दम खाय."

लोकांनी वळून पाहिलं. तू पाहिलं नाहीस. तू दुसरं कडवं सुरू केलंस.